पात्याचे टोक

जात्याचा खुंटा धरून ओढणारीच्या हाताला जो वेग जाणवतो, तो जात्याच्या तोंडाशी पडलेल्या दाण्याला ठाऊक नसतो. एकाच फेरीत दाणा बोटभर सरकतो आणि खुंटा हातभर रुंदीचे वर्तुळ पुरे करतो. फेरी एक, काळ एक. पण जो मध्यापासून जितका दूर, त्याला तितके अधिक धावावे लागते. विमानाच्या नाकावर फिरणाऱ्या पंख्याचेही असेच आहे. बुंध्याशी पाते संथ असते. टोकाला मात्र उसंत नसते.

शिवाय या टोकाला दोन धावा एकदम धावाव्या लागतात. एक गोल फिरण्याची, दुसरी विमानाबरोबर पुढे जाण्याची. सरळ पडणारा पाऊस धावणाऱ्याला तिरपा आणि जोराचा लागतो, तसा टोकाला वारा तिरपा आणि जोराचा लागतो. फिरण्याचा वेग सेकंदाला 250 मीटर आणि विमानाचा 200 मीटर असेल, तर टोक हवेतून 320 मीटरने जात असते. जमिनीलगत ध्वनीचा वेग 340 मीटरच्या आसपास, आणि 11 किलोमीटर उंचीवरच्या थंडीत तर 295. विरळ हवेत विमानाला रोध कमी म्हणून वर जावे, तर तिथे ध्वनीची वेस जवळ आलेली! विमान अजून तिच्यापासून कितीतरी मागे असते, पण त्याचे एक टोक तिथे जाऊन थडकलेले असते.

थडकल्यावर काय होते? वस्तू हवेतून जाते तेव्हा तिच्या दाबाची वर्दी ध्वनीच्या वेगाने पुढे जाते आणि पुढची हवा वेळीच बाजूला होते. वर्दी देणाऱ्याच्या बरोबरीने वस्तूच आली, की हवेला सावरायला अवधी उरत नाही. ती आघाततरंगात दबते, पात्याच्या पाठीवरून सुटते. पात्याची ओढ घटते, रोध वाढतो. इंजिनाची शक्ती पूर्वीइतकीच खर्च होत असते. फक्त ती रेट्यात न उतरता उष्णतेत आणि आवाजात जाते. भारतीय वायुदलाच्या शिकाऊ वैमानिकांच्या कित्येक पिढ्या ज्या हार्वर्ड विमानावर घडल्या, त्याची उड्डाणाच्या वेळची कर्कश किंकाळी इंजिनाची कमी आणि पात्यांच्या टोकांची अधिक होती. पावणेतीन मीटर व्यासाचा पंखा मध्ये दंतचक्र न ठेवता सरळ इंजिनालाच जोडलेला, मिनिटाला 2250 फेऱ्या. टोक ध्वनीच्या वेशीशी पोचत असे.

राइट बंधूंना 1903 साली ही अडचण नव्हती. साखळीने फिरणारे त्यांचे लाकडी पंखे इतके संथ होते, की टोकाचा वेग ध्वनीच्या सातव्या हिश्श्याइतकाच भरे. पंधरा वर्षांनी ओहायोतल्या मॅककुक फील्ड येथे कॉल्डवेल आणि फेल्स यांनी वातबोगद्यात पाहिले, की एका विशिष्ट वेगानंतर पात्याची उचल एकाएकी ढासळते. लाकडी पाते जाड ठेवावे लागे, आणि जाडी हीच त्याची वैरी. अल्बर्ट रीड यांनी ड्युरॅल्युमिनचे पातळ पाते घडवले, त्यासाठी त्यांना 1925 ची कॉलिअर ट्रॉफी मिळाली. वेस थोडी मागे हटली, एवढेच.

पुढचा इतिहास हा एका कोंडीत सापडलेल्या कारागिरीचा आहे. इंजिने बलवान होत गेली, पण पंखा मोठाही करता येईना आणि जोरात फिरवताही येईना. मग दंतचक्रे घालून फेऱ्या कमी केल्या, पात्यांचा कोन उडता उडता बदलण्याची सोय केली, आणि अखेर पाती वाढवली. स्पिटफायरची कुंडली त्याच्या नाकावर वाचता येते: आरंभी दोन पाती, मग तीन, चार, पाच, आणि नौदलाच्या शेवटच्या सीफायरवर उलटसुलट फिरणारी तीन-तीन. पिस्टन इंजिनाच्या विमानाचा 1939 चा वेगाचा जर्मन विक्रम ताशी 755 किलोमीटर; तो 1969 साली मोडला तेव्हा भर पडली जेमतेम एकवीस किलोमीटरची. तीस वर्षांची ही कमाई!

तुपोलेव्हच्या अभियंत्यांनी जोर न करता समजूतदारपणा केला. 1952 साली प्रथम उडालेल्या तू-95 चे पंखे 5.6 मीटरचे, पण मिनिटाला साडेसातशेच फेऱ्यांचे. त्याच घराण्यातली तू-142 विमाने 1988 साली गोव्यात दाबोळीला आली, पुढे अरक्कोणमला गेली आणि 2017 मध्ये निवृत्त झाली. जोडपंख्यांची ही अजस्र विमाने जेट विमानांच्या जवळपास वेगाने जात. अर्थात भरवेगात त्यांचीही टोके ती वेस किंचित ओलांडत, आणि त्यांचा गडगडाट प्रसिद्धच होता.

अमेरिकेतल्या रिपब्लिक कंपनीने उलट वाट धरली. टोक ध्वनीपुढे जाणारच असेल तर जाऊ द्यावे! पाती पातळ, आखूड आणि रुंद, फेऱ्या भरमसाट. एक्सएफ-84एच हे विमान 1955 मध्ये उडाले. त्याची टोके विमान जमिनीवर उभे असतानाही ध्वनीपेक्षा वेगाने फिरत. आघाततरंगांचा मारा अखंड चाले आणि जवळ काम करणाऱ्यांना मळमळू लागे, डोके भणाणून जाई. लिन हेंड्रिक्स या वैमानिकाने एकदाच ते उडवले आणि पुन्हा त्यात बसायचे नाकारले. दोन विमानांची मिळून बारा उड्डाणे झाली, त्यांतली बहुतेक आणीबाणीच्या उतरण्यात संपली. कागदावरचा वेग त्याला कधी गाठता आला नाही.

दोहोंपैकी एक विमान पुढे कॅलिफोर्नियात, बेकर्सफील्डच्या विमानतळावर एका खांबावर चढवून ठेवलेले होते. इंजिनाऐवजी आत एक विजेची मोटार बसवली होती, आणि 1999 साली डेटनच्या संग्रहालयात जाईपर्यंत त्याचा पंखा तिथे येणाऱ्याजाणाऱ्यांच्या डोक्यावर, आवाज न करता, हळूहळू फिरत असे.