पुढचं पुस्तक

चि. मृण्मयी हिस,


तुझं पत्र पोचलं. 'स्वामी', 'छावा', 'पानिपत' वाचून झालं, आता ऐतिहासिक कादंबरी, अध्यात्म आणि आत्मचरित्र अशा तिन्ही प्रकारांतली नवीन पुस्तकं सुचव, शक्यतो यादीच पाठव, असं तू लिहिलंस. यादी करायला अर्धा तास पुरेल, पण मी ती पाठवत नाही. खपाच्या याद्या लोकांनी काय विकत घेतलं ते सांगतात, पुरस्कारांच्या याद्या परीक्षकांचं कशावर एकमत झालं ते सांगतात. तू नुकतंच मिटलेलं पुस्तक तुझ्या मनात काय अर्धवट ठेवून गेलं, याचा पत्ता दोन्हींना नसतो. आणि माझं म्हणणं असं, की पुढचं पुस्तक तिथेच सापडतं. हातातल्या पुस्तकाला काय सांगता आलं नाही ते बघ. ती उणीव बहुतेक वेळा तुला शेजारच्या कपाटापाशी नेईल. ही तीन कपाटं दुकानदारांनी आणि ग्रंथपालांनी सोयीसाठी केली आहेत, सोय म्हणून ती ठीकच आहेत. पण 'छावा' संपल्यावर त्याच फळीवरची पुढची कादंबरी उचलली, तर पुन्हा तेच दरबार, तेच घोडे आणि तीच खलबतं मिळण्याचा संभव जास्त.

'छावा'चंच घे. संभाजीराजांना न्याय या कादंबरीने दिला, असं सर्रास बोललं जातं. 2025 मध्ये हिंदी चित्रपट आल्यावर तर फारच. आता वर्षं बघ. व्यसनी, उतावळा, राज्य बुडवणारा राजा ही प्रतिमा रुजवण्यात मल्हार रामराव चिटणिसाच्या बखरीचा मोठा वाटा आहे, आणि ती बखर राजांच्या मृत्यूनंतर शंभराहून अधिक वर्षांनी लिहिलेली. शिवाय ज्या बाळाजी आवजी चिटणिसांना राजांनी देहदंड दिला, त्यांच्याच घराण्यातला हा लेखक. ती प्रतिमा कागदपत्रांच्या आधारे पुसायचं काम वा. सी. बेंद्र्यांनी आयुष्य खर्ची घालून केलं. त्यांचं संभाजीचरित्र 1960 चं. पुढे कमल गोखल्यांचा अभ्यास आला. शिवाजी सावंतांची कादंबरी 1979 ची, म्हणजे ती या कष्टांच्या खांद्यावर उभी आहे. यात सावंतांना कमीपणा नाही. लाखो वाचकांच्या मनात ते चरित्र नेऊन बसवणं बेंद्र्यांना जमलं नसतं. पण 'छावा' आवडलेल्या माणसाचं पुढचं पुस्तक बेंद्र्यांचं असावं, दुसरी कादंबरी नव्हे. त्यानंतर खुद्द राजांचा 'बुधभूषण' आहेच, अनुवादासह मिळतो. संस्कृतात राजनीती लिहिणारा हा तरुण कादंबरीतल्या वीरापेक्षा जरा थंड डोक्याचा वाटतो, आणि मला तो जास्त पटतो.

हे अजून इतिहासाच्याच कपाटात झालं. खरी गंमत पुढे आहे. त्या काळातल्या घरात काय चाललं होतं, हे कादंबरीला कल्पनेनेच भरावं लागतं. तिथे अध्यात्माच्या फळीवरचं एक पुस्तक धावून येतं: बहिणाबाईंची गाथा. खानदेशच्या बहिणाबाई चौधरी नव्हेत. या तुकोबांच्या शिष्या, शिऊरच्या. जन्म 1628, मृत्यू 1700. शिवाजीराजांच्या जन्माआधी दोन वर्षं ते राजारामांच्या मृत्यूचं साल, म्हणजे 'छावा'चा सगळा काळ एका बाईच्या आयुष्यात मावला. आणि ते आयुष्य तिने स्वतः अभंगांत सांगितलं. लहानपणीच वयाने कितीतरी मोठ्या बिजवराशी लग्न, घरादारासह भटकंती, मग कोल्हापुरात मुक्काम. तिथे एका वासराचा तिला लळा लागतो, ते तिच्या मागून कीर्तनाला जातं. जयरामस्वामी भर कीर्तनात दोघांचं कौतुक करतात, आणि त्याबद्दल नवऱ्याचा मार तिला खावा लागतो. पुढे ब्राह्मणाच्या बायकोने शूद्र तुकोबांना गुरू मानलं म्हणून घर पेटतं. नवरा घर सोडून निघायच्या बेतात असताना आजारी पडतो आणि त्याचं मन पालटतं. मग सगळे देहूला जातात, तर तिथे मंबाजी गोसाव्याचा जाच. हे सांगणारी बाई मार लपवत नाही आणि नवऱ्याला टाकूनही देत नाही. पतिव्रताधर्म आणि विठ्ठल यांची सांगड घालताना तिची जी ओढाताण होते, ती एकाही कादंबरीतल्या राणीच्या स्वगतात मला भेटलेली नाही. मराठीतलं पहिलं आत्मचरित्र म्हणून या अभंगांचं नाव घेतात. तरीही दुकानात ते 'संतसाहित्य' या पाटीखाली, आरत्यांच्या पुस्तकांच्या शेजारी बसलेलं असतं. आत्मचरित्रं शोधणारी तू तिथे कशाला जाशील?

उलट दिशेनेही असंच. लक्ष्मीबाई टिळकांचं 'स्मृतिचित्रे' आठवणींच्या फळीवर असतं, आणि ते योग्यच. पण एका माणसाचा धर्म बदलतो म्हणजे नेमकं काय होतं, हे मला कुठल्याही प्रवचनाच्या पुस्तकात इतकं स्वच्छ दिसलेलं नाही. नारायण वामन टिळकांनी 1895 मध्ये ख्रिस्ती धर्म घेतला. त्यांच्या बाजूने ती श्रद्धेची झेप. लक्ष्मीबाईंच्या बाजूने ते घर मोडणं होतं, आणि मग स्वतःच्या मनाने, स्वतःच्या वेळाने, सोवळं-ओवळं एकेक करून गळत जाणं. बाप्तिस्मा त्यांनी नवऱ्यामागून पाच वर्षांनी घेतला. ती पाच वर्षं वाच. पुढे टिळकांचं अपुरं राहिलेलं 'ख्रिस्तायन' त्यांनीच पुरं केलं, तेव्हा हे पुस्तक संपल्यावर कुठे जायचं हेही तेच सांगतं.

आता तू म्हणशील, आठवणींवर विश्वास कसा ठेवायचा? माणूस स्वतःला सोयीचं तेच आठवतो. आक्षेप रास्त आहे, आणि त्याला उत्तर म्हणून गोडसे भटजींचा 'माझा प्रवास' पुरेसा आहे. वरसईचा हा गरीब भिक्षुक 1857 मध्ये दक्षिणेच्या आशेने उत्तरेत गेला आणि बंडात सापडला. झाशी पडली तेव्हा तो शहरात होता. घराघरांतली लूट, कत्तल, लपून काढलेले दिवस हे सगळं त्याने पाहिलेलं. राजवाड्यातला जुना ग्रंथसंग्रह त्या लुटीत कसा नासला, हेही तो हळहळून सांगतो. झाशीच्या राणीवरच्या किती कादंबऱ्यांत ही पुस्तकं आहेत? पण त्याने हे लिहिलं पाव शतकानंतर. तपशिलात चुका आहेत, ऐकीव गोष्टी पाहिल्यासारख्या सांगितल्या आहेत. शिवाय चिंतामणराव वैद्यांनी 1907 मध्ये छापताना मजकुरावर हात फिरवला, आणि मूळ हस्तलिखिताबरहुकूम आवृत्ती यायला 1966 उजाडलं. ती दत्तो वामन पोतदारांची. म्हणून हे पुस्तक टाकून द्यायचं का? अजिबात नाही. भटजी चुकतो तिथे इतिहासाचं पुस्तक उघडावं, आणि वैद्यांनी काय गाळलं याची उत्सुकता वाटली तर पोतदारांची प्रत मिळवावी. साक्षीदार कच्चा आहे हे कळणं म्हणजेच दुसरा साक्षीदार शोधायचं कारण मिळणं. एका पुस्तकाची दुसरी आवृत्तीही कधीकधी 'नवीन पुस्तक' असते, हे प्रकाशकांच्या जाहिराती कधी सांगणार नाहीत.

दुसरा आक्षेप तुझ्या पत्रात आडून आलाच आहे: प्रत्येक कादंबरी अशी तपासायला घेतली की वाचनाची मजा जाते. कुणाची जात असेल. पण कादंबरीकार स्वतःच जेव्हा या खेळात उतरतो तेव्हा मजा दुप्पट होते. नंदा खरे यांची 'अंताजीची बखर' बघ. पेशवाईतल्या एका हेराचं हे आत्मवृत्त, अर्थात रचलेलं. कादंबरीने आठवणींचा अंगरखा घातलाय आणि वर नाव बखरीचं लावलंय. या अंताजीला कुणाच्या शौर्याचं फारसं अप्रूप नाही. खऱ्या बखरी आणि खरी आत्मवृत्तं चाळलेल्या वाचकाला त्यातली थट्टा कळते. इतरांना नुसती गोष्ट मिळते. दुसरं टोक गो. नी. दांडेकरांचं. त्यांनी शिवकाळावर कादंबऱ्या लिहिल्या, तुकोबांवर 'तुका आकाशाएवढा' लिहिली, नर्मदा परिक्रमेवर 'कुणा एकाची भ्रमणगाथा', आणि स्वतःच्या वणवणीवर 'स्मरणगाथा', जिला 1976 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. पोरवयात घरातून पळालेला, गाडगेबाबांच्या सहवासात राहिलेला, परिक्रमा केलेला हा माणूस. तीन कपाटांत विभागलेली त्याची पुस्तकं एका ओळीत लावून वाच, म्हणजे कादंबरीतला कुठला घाट आणि कुठला साधू जगण्यातून आला ते ध्यानात येईल. (शैली तुला कधीकधी भावुक वाटेल. मलाही वाटते. ती पानं भराभर उलट.)

राहिली तक्रार की तू 'नवीन' मागितल्यावर मी जुनंच पुढे करते आहे. छापल्याची तारीख आणि वाचकाला नवं वाटणं यांचा संबंध तसा सैलच असतो. अगदी आजचं हवं असेल तर रंगनाथ पठारेंची 2019 ची 'सातपाटील कुलवृत्तांत' घे. एका कुळाच्या मिषाने शतकांचा पट मांडते आणि राजांऐवजी शेतकरी-लढवय्यांना मध्ये आणते. पण कपाटांची वाटणी मुळातच किती उपरी आहे हे बघायचं असेल तर थेट तेराव्या शतकात जा. म्हाइंभटाचं 'लीळाचरित्र' चक्रधरस्वामींच्या शिष्यांनी जपलेल्या आठवणींतून उभं राहिलं. म्हाइंभट ज्याने प्रसंग पाहिला त्याला गाठून, विचारून लिहीत होता. पुढे परंपरेने प्रसंगांचे पाठभेदही कुणाच्या नावावरचे ते सांगत जपले. महानुभाव पंथीयांना तो धर्मग्रंथ, अभ्यासकाला यादवकाळाचं साधन, आणि ज्यांनी सांगितलं त्यांच्यासाठी गुरूच्या आठवणी. कादंबरी तेवढी त्यात नाही, पण भोजन, चालणं, रुसवेफुगवे, थट्टा असे बारीक तुकडे आहेत की कादंबरीकाराने हेवा करावा. भाषा अडते हे खरं. बहुतेक लीळा छोट्या असतात; टिपा असलेली प्रत घेऊन रोज दोन वाचल्यास तर महिन्याभरात कान सरावतो.

ही पुस्तकं मिळत नाहीत हा आक्षेप काही वर्षांपूर्वी मी मान्य केला असता. आता कितीतरी जुने ग्रंथ राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाच्या संकेतस्थळावरून फुकट उतरवून घेता येतात. आणि तू तर ठाण्यात राहतेस. तिथलं मराठी ग्रंथसंग्रहालय 1893 पासून चालू आहे, आणि ते काढण्यात पुढाकार घेणारे वि. ल. भावे हेच महानुभावांचं सांकेतिक लिपीत दडलेलं वाङ्मय उजेडात आणणाऱ्या पहिल्या फळीतले. तेव्हा यादी हवीच असेल तर एकाच पुस्तकाची देते: बहिणाबाईंची गाथा. या शनिवारी जाऊन माग, आत्मचरित्राचे अभंग आधी वाच, आणि संपल्यावर तुला काय कळलं नाही तेवढंच मला लिही. पुढचं पुस्तक त्यावरून ठरवू.

तुझी,
मावशी