डाव्या हाताचं उरलेलं आयुष्य

क्रिकेटमध्ये गोलंदाजाचं कोपर चेंडू टाकताना ठरल्यापेक्षा जास्त सरळ झालं, तर त्याला चाचणी द्यावी लागते. बेसबॉलच्या पिचरची मात्र सगळी भिस्त त्या कोपराच्या झटक्यावरच असते. समोर ६० फूट ६ इंचांवर बॅटर उभा. धावत यायला जागा नाही. मातीच्या उंचवट्यावर एक पाय उचलायचा आणि अंगातला सगळा जोर खांद्यातून कोपरात, कोपरातून बोटांत उतरवायचा. एका सामन्यात शंभरेक वेळा. पिचर सँडी कोफॅक्सचं नाव निघालं की त्याच्या विक्रमांच्या आधी मला त्याचं डावं कोपर आठवतं.

१९३५ साली ब्रुकलिनमध्ये एका ज्यू घरात जन्मलेला हा मुलगा एकोणिसाव्या वर्षी डॉजर्स संघात आला. मोठा बोनस घेणाऱ्या नवख्याला दोन वर्षं मुख्य संघातच ठेवायचं, असा तेव्हा नियम होता. त्यामुळे धाकट्या लीगमध्ये चुकत-माकत शिकायची वर्षं त्याच्या वाट्याला आलीच नाहीत. चेंडूला वेग भन्नाट, पण तो जाईल कुठे याचा भरवसा नाही. पहिल्या सहा हंगामांत ३६ विजय आणि ४० पराभव. १९६० चा हंगाम संपला तेव्हा वैतागून त्यानं आपलं खेळाचं सामान कचऱ्यात टाकलं. क्लबहाउस सांभाळणाऱ्या नोबे कावानोंनी ते गुपचूप उचलून ठेवलं.

पुढच्या वसंतात, सरावाच्या एका सामन्यात, कॅचर नॉर्म शेरीनं त्याला सुचवलं : इतका जीव काढून फेकू नकोस, जरा जोर कमी कर. त्यानं ऐकलं आणि चेंडूही त्याचं ऐकू लागला. या सबंध कारकिर्दीतला हाच प्रसंग मला सगळ्यात प्रिय आहे. १९६२ ते १९६५ या चार वर्षांत, दर हंगामात एकदा, त्यानं प्रतिस्पर्ध्यांना अख्ख्या सामन्यात एकही हिट मिळू दिला नाही. त्यातला चौथा सामना तर निर्दोष : शिकागो कब्जचे सत्तावीस बॅटर आले, सत्तावीसही परतले.

तोवर कोपरात संधिवात शिरला होता. १९६५ च्या हंगामाआधीच डॉक्टरांनी निदान केलं होतं. कॉर्टिझोनची इंजेक्शनं, मिरचीच्या अर्काचं जळजळणारं मलम, सामना संपला की बर्फाच्या पाण्यात हात. हात पुरता सरळ होईना. अशा हातानं त्यानं त्या वर्षी ३८२ स्ट्राइकआउट केले. वर्ल्ड सिरीजचा पहिला सामना योम किप्पुर या ज्यूंच्या पवित्र दिवशी आला, तेव्हा तो खेळला नाही. सातव्या, निर्णायक सामन्यात मात्र अवघ्या दोन दिवसांच्या विश्रांतीनंतर उभा राहिला. कर्व्हबॉल साथ देत नव्हता. जवळजवळ निव्वळ वेगावर त्यानं मिनेसोटाला शून्यावर रोखलं आणि डॉजर्स २-० नं जिंकले.

१९६६ मध्ये २७ विजय, दिलेल्या धावांची सरासरी १.७३, कारकिर्दीतला सर्वांत चांगला हंगाम. १८ नोव्हेंबरला त्यानं निवृत्ती जाहीर केली. वय तीस. बेसबॉलनंतरही बरीच वर्षं जगायचं आहे आणि ती धडधाकट शरीरानं जगायची आहेत, असं त्याचं कारण होतं.

आणखी चार वर्षं खेळला असता तर आकडे कुठे गेले असते, हा हिशेब लोक आजही मांडतात. मला तो क्रूर वाटतो. खेळाडूनं मोडून पडेपर्यंत खेळावं असं आपल्याला वाटतं आणि त्याच्या मोडण्याला आपण त्याग म्हणतो. कोफॅक्सनं वेदना कमी सोसली नव्हती; फक्त आपला हात कुणाच्या टाळ्यांना वाहायचा नाही, हे त्यानं स्वतः ठरवलं. योम किप्पुरला नाही म्हणणारा माणूसच हे करू जाणे.

१९७२ मध्ये तो हॉल ऑफ फेममध्ये गेला, छत्तिसाव्या वर्षी. त्याआधी इतक्या लहान वयात तिथे कुणी निवडलं गेलं नव्हतं. पण मला मोलाचं वाटतं ते त्यानंतरचं. १९७९ मध्ये डॉजर्सनं त्याला पिचिंग शिकवायला बोलावलं आणि पुढची अकरा वर्षं तो त्यांच्या धाकट्या लीगमधल्या पोरांना चेंडू टाकायला शिकवत होता. स्वतःला कधी खेळायला न मिळालेल्या त्याच लीगमध्ये.