पांढऱ्या घुमटांचं वूलगूल्गा

सिडनीहून समुद्राच्या कडेनं उत्तरेला साधारण 530 किलोमीटर गेलं की कॉफ्स हार्बर लागतं. रस्त्यालगतच्या अवाढव्य पिवळ्या केळ्याच्या पुतळ्यापाशी (हो, केळ्याचा पुतळा! 1964 पासून आहे) पर्यटक फोटो काढतात आणि निघून जातात. तुम्ही मात्र आणखी 25 किलोमीटर पुढे वूलगूल्गाला जा. तिथं टेकडीवर पांढऱ्या घुमटांचा गुरुद्वारा दिसतो.

उत्तरेकडे उसाच्या मळ्यांत राबणारे पंजाबी 1940 च्या दशकात इथल्या केळीच्या बागांत आले. आधी मजूर, मग मालक. गोऱ्यांनाच झुकतं माप देणारं स्थलांतराचं धोरण 1973 मध्ये संपलं. इथला पहिला गुरुद्वारा मात्र 1968 मध्येच उघडला. मला या दोन सालांमधली ती पाच वर्षं फार आवडतात. आता केळी मागे पडली, ब्लूबेरी आली.

2021 च्या जनगणनेत या महापालिकेची लोकसंख्या 78 हजारांच्या पुढे होती. म्हणजे आपल्याकडचं एखादं तालुक्याचं गाव! महापौर लोकच थेट निवडतात. मतदान सक्तीचं, योग्य कारणाशिवाय चुकवलं तर दंड. पण मतदार व्हायला नागरिकत्व लागतं. त्यामुळे व्हिसावर येऊन ब्लूबेरी तोडणाऱ्यांना, कचऱ्याची गाडी किंवा वाचनालय कसं चालावं यावर मत देता येत नाही. आधीचे मजूर मालक झाले, यांचं काय होईल?

गेलात तर डोकं झाकायला रुमाल न्या. लंगर सगळ्यांसाठी असतो.