नाना पाटलांची लेक

हौसाबाई पाटील यांचा जन्म 1926 सालचा. त्या तीन वर्षांच्या असताना आई गेली. वडील नाना पाटील तलाठी होते. नोकरी सोडून ते चळवळीत उतरले आणि मुलगी आजीच्या हाती वाढली. पुढे सातारा भागात 'प्रतिसरकार' उभे राहिले. लोक त्याला पत्री सरकार म्हणत. त्याने गावोगाव न्यायनिवाडे केले, सरकारी खजिने लुटले. इंग्रजांच्या लेखी ही माणसे दरोडेखोर होती. अहिंसा मानणाऱ्या अनेक पुढाऱ्यांनाही हा मार्ग पटत नव्हता. गावकऱ्यांसाठी मात्र नाना क्रांतिसिंह झाले.

खानदेशाशी या सरकारचा थेट संबंध आला तो 14 एप्रिल 1944 रोजी. धुळ्याहून नंदुरबारला निघालेला सरकारी खजिना चिमठाण्याजवळ लुटला गेला. रक्कम होती सुमारे साडेपाच लाख रुपये. लूट करणाऱ्यांपैकी जी. डी. बापू लाड आणि नागनाथअण्णा नायकवडी हे साताऱ्याकडचे, तर डांगरीचे डॉ. उत्तमराव पाटील खानदेशातले. नंदुरबार आणि चिमठाणे हा सगळा मुलूख तेव्हा पश्चिम खानदेश जिल्ह्यात होता. ही लूट या भागात अजूनही अभिमानाने सांगितली जाते.

अशा बंडाचा भार घरच्यांवर कसा पडतो, ते हौसाबाईंनी म्हातारपणी सांगितले आहे. सरकारने नानांची जमीन आणि घर जप्त केले. मोहोर लावायला माणसे आली तेव्हा चुलीवर वांग्याचे कालवण होते आणि भाकऱ्या थापणे चालू होते. राहायला एकच खोली उरली. आजी, आत्या आणि बाकी सगळे तिच्यातच. पोलिसांच्या धाकाने लोक काम द्यायला कचरत. उंबराची फळे गोळा करून त्यांची भाजी करावी लागे.

वडिलांचा मार्ग या मुलीने निवडला नव्हता, पण त्याची शिक्षा तिला आधी भोगावी लागली. निवड नंतर केली. 1943 मध्ये, वयाच्या सतराव्या वर्षी, भवानीनगरच्या पोलीस चौकीसमोर तिने नवऱ्याचा मार खाणाऱ्या बायकोचे सोंग घेतले. 'नवरा' दगड उचलून धावला, पोलीस भांडण सोडवायला बाहेर आले आणि साथीदारांनी आतल्या बंदुका पळवल्या. मार नाटकातला असला तरी लागला खराच. त्याची तक्रार हौसाबाईंनी नंतर केली. 1944 मध्ये पोर्तुगीज गोव्यातल्या कामगिरीवरून परतताना त्यांनी रात्रीच्या अंधारात लाकडी पेटीच्या आधाराने मांडवी ओलांडली.

स्वातंत्र्यानंतरही नाना सत्तेच्या बाजूला गेले नाहीत. ते आधी शेतकरी कामगार पक्षात आणि पुढे कम्युनिस्ट पक्षात गेले. 1957 मध्ये साताऱ्यातून आणि 1967 मध्ये बीडमधून लोकसभेवर निवडून आले. 1976 मध्ये त्यांचे निधन झाले. हौसाबाई वडिलांच्या पश्चात 45 वर्षे जगल्या आणि नव्वदी ओलांडल्यावरही शेतकऱ्यांच्या मागण्यांसाठी बोलत राहिल्या.

बंडखोराच्या मुलाला बाप वारशात मिळतो, बंड मिळत नाही. ते स्वतःच करावे लागते. हौसाबाईंनी ते केले. 23 सप्टेंबर 2021 रोजी, 95 व्या वर्षी त्यांचे निधन झाले.