चांगदेवांचे येणे

ज्ञानेश्वर आणि चांगदेव यांची भेट कीर्तनातून चमत्कार म्हणून सांगितली जाते. परंतु ती ज्या घरी घडली त्या घराच्या बाजूने वाचल्यास ती धास्ती वाटावी अशा पाहुण्याची कथा ठरते. संन्यास घेऊन पुन्हा संसारात परतल्याबद्दल ज्ञानेश्वरांचे वडील विठ्ठलपंत यांना देहान्त प्रायश्चित्त, म्हणजे देहत्यागाने पापक्षालन, सांगितले गेले, त्यात आईही गेली, आणि पोरकी झालेली चार भावंडे आळंदीत वाळीत पडल्यासारखी राहू लागली. इ.स. १२९६ मध्ये तेथेच समाधी घेणारे ज्ञानेश्वर त्या काळी विशीच्या आसपासचे होते, तर येणारा योगी, परंपरेनुसार, १४०० वर्षांचा होता.

त्याच्याआधी त्याचे पत्र आले, आणि ते कोरे होते. वयाने लहान म्हणून ‘चिरंजीव’ लिहावे की ज्ञानाने थोर म्हणून ‘तीर्थरूप’, हा मायन्याचा पेच चांगदेवांना सुटला नव्हता. इतकी वर्षे जगूनही हा कोराच राहिला, असा शेरा मुक्ताबाईने मारला. धाकट्या बहिणीचा हा फटकळपणा कथेतील सर्वांत घरगुती, म्हणूनच सर्वांत खरा वाटणारा भाग आहे.

पुढे वाघावर बसून, हाती सापाचा चाबूक घेऊन पाहुणा निघाला, तेव्हा भावंडे बसलेली भिंतच त्याला सामोरी गेली. (वाघावरचा सिद्ध आणि चालती भिंत ही जोडी सूफी आख्यायिकांतही आढळते.) ती भिंत आळंदीत आजही दाखवली जाते. वारीच्या गर्दीत रेटला जाऊन तिच्यापुढे पोचलेल्या प्रस्तुत लेखकास चमत्कारापेक्षा भिंतीवरच्या मुलांचीच काळजी अधिक वाटली होती, कारण ज्या घराच्या बाजूने गावातले फारसे कोणी उभे राहत नाही, त्याला पाहुण्याचा हेतू तो दाराशी आल्यावरच कळतो.

कोऱ्या पत्राला थोरले बंधू निवृत्तिनाथ यांच्या सांगण्यावरून ज्ञानेश्वरांनी दिलेले उत्तर, म्हणजे ६५ ओव्यांची ‘चांगदेव पासष्टी’, या दृष्टीने विलक्षण आहे. पाहणारा आणि पाहिले जाणारे यांत भेद नाही, हे अद्वैत त्यात मांडलेले आहेच. पण यजमान तेथे स्वतःची भीतीही बोलून दाखवतो. भेटीसाठी जीव आसुसला आहे, मात्र दोघे मुळात एकच असल्याने जी भेट आधीच सिद्ध आहे, ती समोरासमोर येण्याने विस्कटेल, अशी ती धास्ती आहे, आणि वाघ-सापांच्या वर्णनात रमणाऱ्या कथेकऱ्यांकडून ती बहुधा निसटते. पाहुणा तरीही आला, आणि परंपरा सांगते की त्याने गुरू केले ते मुक्ताबाईला.