मोहगावच्या ताटातील जवळा

मोहगावास जाणाऱ्या माणसाच्या मनात समुद्र येत नाही. सौंसर भागातले हे गाव. आसपास कापसाची काळी जमीन व संत्र्यांच्या बागा. 2023 साली छिंदवाड्यापासून वेगळ्या झालेल्या पांढुर्णा जिल्ह्यात ते मोडते. राज्य मध्य प्रदेश, परंतु घरची भाषा मराठी.

तेथे एका घरी जेवावयास बसलो असता भाकरीशेजारी सुकटीची चटणी आली. घरची बाई संकोचून म्हणाली, "फादर, गरिबाघरचे आहे, गोड मानून घ्या." पहिल्याच घासाला ओळख पटली. हा तर किनाऱ्यावरचा जवळा!

"हे ओढ्यातले झिंगे का?" तिच्या मुलाने विचारले.

"नव्हे बाळा, हा खाऱ्या पाण्यातला," मी म्हणालो. जवळा जेमतेम इंच-दीड इंचाचा, पाण्यात काचेसारखा आरपार दिसणारा. कोळंबीला चालण्याच्या पायांच्या पाच जोड्या असतात, जवळ्याला तीनच. 1830 साली मिल्न-एडवर्ड्स ह्या फ्रेंच शास्त्रज्ञाने त्याच्या कुळाला 'असेटीस' हे नाव दिले. तो थव्यांनी राहतो. बोंबलाचे पोट त्याच्यावरच भरते. जवळा नसेल तर बोंबील कोठून?

वसईकडील कोळी बांधव डोल जाळ्याने तो धरतात. हे पिशवीसारखे लांब जाळे भरती-ओहोटीच्या ओढीसमोर तोंड करून बांधतात. शेवटाकडील वीण फार बारीक. म्हणून जवळ्याबरोबर इतर माशांची पिलेही सापडतात, आणि पुढच्या वर्षीची मासळी आजच संपते. पकडलेला जवळा स्त्रिया उन्हात पसरतात, हलवितात, निवडतात. एक अवकाळी सर आली की सारी मेहनत कुजते.

एकदा तेथील वाळवणातून मी बेफिकीरपणे चपलांसह चाललो होतो. एक म्हातारी कोळीण म्हणाली, "फादर, पायाखाली आमची भाकर आहे." मी शरमलो. त्या दिवसापासून वाळवण दिसले की वळसा घालून जातो.

मोहगावच्या त्या माउलीला मी ही गोष्ट सांगितली आणि म्हणालो, "बाई, हे गरिबाघरचे म्हणून लाजू नका. शेकडो मैलांवरच्या एका बहिणीने आभाळाकडे पाहत हे वाळविले आहे."

ती काही बोलली नाही. मुलाने मात्र ताटात सांडलेला एक जवळा बोटाने उचलला, त्याचे पाय मोजून पाहिले, आणि मग खाल्ला.