माझें एक तत्त्वज्ञान

विशीच्या सुमारास माणसाला एखादा विकार जडतोच. माझ्या सोबत्यांपैकीं कोणी कविता करूं लागले, कोणी प्रेमांत पडले. मीं एक तत्त्वज्ञान रचलें. एका शंभर पानी वहीवर ठळक अक्षरांत ‘नादतेजवाद’ असें नांव घातलें, आणि जगांतलें एक मोठें कोडें सुटल्याच्या समाधानांत मी वावरूं लागलों.

वादाचा सारांश असा : नाद आणि प्रकाश हीं एकाच मूळ स्पंदनाचीं दोन रूपें होत. तें स्पंदन कानाच्या दारानें आंत आलें म्हणजे स्वर, डोळ्याच्या दारानें आलें म्हणजे रंग. पुरावा काय थोडा होता? स्वर सात, रंगहि सात! न्यूटननें १७०४ सालच्या आपल्या प्रकाशावरील ग्रंथांत वर्णपटाचे सात भाग सप्तकाच्या प्रमाणांत पाडलेले. फ्रान्समधील कास्तेल नांवाच्या जेझुइट पाद्र्यानें १७२५ सालीं, प्रत्येक स्वराबरोबर एक रंग दाखविणाऱ्या वाद्याची कल्पना मांडलेली. आणि इतक्या दूर तरी कशाला जावें? देवगिरीस यादवांच्या पदरीं असलेल्या शार्ङ्गदेवानें तेराव्या शतकांत ‘संगीतरत्नाकरां’त स्वरांना वर्ण दिलेच आहेत : षड्ज कमळाच्या रंगाचा, गांधार सोन्याचा, पंचम काळा.

पण माझा लाडका साक्षीदार होता जॉन लॉकच्या ग्रंथांतला एक आंधळा. रंग म्हणजे काय, याचा त्यानें पुष्कळ विचार केला होता. आणि एके दिवशीं त्यानें जाहीर केलें कीं, किरमिजी रंग कसा असतो तें मला उमगलें आहे, तो तुतारीच्या आवाजासारखा असतो. लॉकनें ही गोष्ट त्या माणसाची चूक दाखविण्यासाठीं सांगितली आहे, एवढें मात्र मीं वहींत लिहिलें नाहीं.

त्याच वर्षीं आमच्या आत्याची दृष्टि जात होती. काचबिंदु. गेलेली दृष्टि परत यावयाची नाहीं, उरलेली जपावी, असें डॉक्टरांनीं स्पष्ट सांगितलें होतें. आत्या त्याविषयीं फारसें बोलत नसे. फक्त भिंतीला हात लावून चालूं लागली होती.

एका संध्याकाळीं ओसरीवर बसून मीं तिला माझा वाद समजावून दिला. हेतु वाईट नव्हता. ‘‘आत्या,’’ मी शेवटीं म्हणालों, ‘‘डोळ्यांनीं येणारा प्रकाश गेला, तरी कानांनीं येणारा आहेच कीं!’’

ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, ‘‘बरें तर. आज तूं कोणत्या रंगाचा सदरा घातला आहेस, तें मला गाऊन दाखव.’’

मला गातां येत नव्हतें. पण अडचण ती नव्हती.

पुढें पदार्थविज्ञान थोडें अधिक वाचलें आणि वहीचें एकेक पान गळूं लागलें. नादाला वाहून नेण्यास हवा, पाणी, लांकूड असें कांहींतरी लागतें. प्रकाश रित्या पोकळींतून येतो. कानाला सेकंदाला वीसपासून वीस हजारांपर्यंत, म्हणजे जवळजवळ दहा सप्तकांचीं कंपनें ऐकूं येतात. डोळ्याच्या वांट्याला एक सप्तकहि पुरतें येत नाहीं. न्यूटननें स्वतः आधीं पांचच रंग मोजले होते. सात मागाहून झाले. मूळ स्वराला कास्तेलनें निळा रंग दिला, शार्ङ्गदेवानें कमळाचा, आणि रशियन संगीतकार स्क्रियाबिननें तांबडा. शिवाय आपला षड्ज गाणाऱ्याच्या गळ्याप्रमाणें वरखालीं सरकतो. त्याला एक रंग चिकटणार तरी कसा?

दोघांची खरीखुरी गांठ मला पुष्कळ उशिरां भेटली. रामन आणि नागेंद्र नाथ यांनीं १९३५ सालीं बंगळूरला तिची उपपत्ति मांडली. अतिशय उच्च कंपनसंख्येचा नाद द्रवांतून सोडला म्हणजे त्यांत दाट आणि विरळ असे थर पडतात. त्यांतून जाणारा प्रकाशकिरण फांटून त्याचे अनेक किरण होतात. नाद प्रकाशाला वळवितो. प्रकाश होत नाहीं.

पण हें सर्व नंतरचें. वही मीं मिटली ती त्याच्या आधींच. एकदां दिवेलागणीनंतर मी देवघराच्या दाराशीं वाचीत बसलों होतों. आत्या आंतून म्हणाली, ‘‘अरे, समईंत तेल घाल. वात जळायला लागली.’’ मीं पाहिलें. वात खरोखरच तडतडत होती. माझा मेलेला वाद एकदम उठून बसला.

‘‘म्हणजे तुला उजेड ऐकूं आला!’’

‘‘उजेड नाहीं रे, वात ऐकूं आली,’’ ती म्हणाली. ‘‘पन्नास वर्षें याच समईंत तेल घातलें आहे मीं. आवाज झाला कीं, ज्योत कशी दिसत असेल तें आठवतें. आठवणें म्हणजे दिसणें नव्हे.’’ आणि जरा थांबून, अगदीं साध्या आवाजांत, ‘‘तूं उद्यां म्हातारा झालास तरी मला असाच विशीचा आठवणार.’’

मीं तेल घातलें. बोलण्यासारखें माझ्याजवळ कांहींच नव्हतें.

त्यानंतर संध्याकाळीं ती कधीं कधीं विचारी, ‘‘आभाळ कसें आहे रे आज?’’ पहिल्यांदा मी वाचतां वाचतांच सांगितलें, ‘‘तांबडें.’’

‘‘कुंकवासारखें, कीं विटेसारखें?’’

तें मला सांगतां येईना. पुस्तक ठेवून मी अंगणांत गेलों आणि नीट पाहून आलों.